ऐकीव वाक्य

हे सगळं झालं एकोणीसशे अडुसष्ट साली. कोशाचा तिसरा खंड बाहेर पडून चार महिने झाले होते, चौथ्याची कार्डं लावायचं काम चाललं होतं, आणि एका बुधवारी दुपारी, चहाचे कप नुकतेच विसळून उपडे घातलेले असताना, धाकटीनं मान वर करून पाहिलं तर दारात भावजी उभे होते. भावजी म्हणजे तिच्या ताईचे यजमान. फर्निचरच्या कारखान्यात फोरमन. तिच्या सतरा वर्षांच्या नोकरीत त्यांनी या कचेरीचा जिना कधी चढला नव्हता. कामाच्या दिवशी, कामाच्या वेळी, इस्त्रीचा शर्ट घालून ते आले होते, आणि तरी कानावर पेन्सिल तशीच खोचलेली होती. काढायची विसरले असावेत. काखेत तिसरा खंड होता, खाकी कागदाचं कव्हर घातलेला. ते कव्हर त्यांनी स्वतः घातलं होतं, कोपरे काटकोनात दुमडून. तिला आधी वाटलं, ताईला काही झालं. मग त्यांचा चेहरा पाहिला आणि कळलं की ताईला काही झालेलं नाही, आणि कसं कोण जाणे, त्यानं जास्तच भीती वाटली.

"भावजी, तुम्ही? आणि आत्ता?"

"बसू का?" त्यांनी विचारलं. पण बसले नाहीत. टेबलाच्या कडेवरून त्यांनी अंगठा फिरवला. सवय होती त्यांना, कुठल्याही लाकडाशी आधी अंगठ्यानं बोलायची. "घाईत नाहीस ना?"

घाई तिथं कुणालाच नसे. छापखान्याच्या वरच्या मजल्यावरची ती लांबट खोली, दोन्ही भिंतींना छतापर्यंत खणांची कपाटं, आणि खणांत कार्डं. खालची यंत्रं सुरू झाली की खणांच्या पितळी कड्या बारीक किणकिणत. प्रत्येक कार्डावर इंग्रजी शब्द, त्याचं मूळ, आपल्या भाषेतला अर्थ, आणि खाली एक वाक्य. त्या वाक्यासाठी मास्तरांनी, म्हणजे प्रमुख संपादकांनी, कोश सुरू झाला त्या दिवशी एक नियम घातला होता. वाक्य बनवायचं नाही. छापलेलं नाहीतर ऐकलेलं, दोनांतलं एक. बनवलेलं वाक्य भुसा भरलेल्या पक्ष्यासारखं असतं, ते म्हणत. डोळे असतात, पण ते काचेचे. म्हणून कचेरीतल्या प्रत्येकाजवळ तळहाताएवढी वही असे. बसच्या रांगेत, दवाखान्यात, दाढीच्या दुकानात, बायका डबे खात तेव्हा, कान उघडे आणि वही हाताशी. ऐकलं की लिहायचं, आणि कार्डावर उतरवताना खालच्या डाव्या कोपऱ्यात शेरा: 'ऐकीव', कुणाकडून त्याचं पहिलं अक्षर, तारीख. छापताना तो कोपरा जाई. कार्ड मात्र कायमचं खणात राही. टायपिस्ट बाई म्हणायच्या, "तुम्हा लोकांसमोर शिंकायचीसुद्धा चोरी!" सगळे हसत. त्यांची शिंक खरंच एका कार्डावर होती.

तिला धाकटी म्हणत ते घरात. पण एकदा ताईनं फोनवर "आमच्या धाकटीला बोलवा हो जरा" म्हटलं आणि तेव्हापासून कचेरीतही तेच पडलं. त्रेचाळीस वर्षांची बाई, केसांत पांढरं, आणि नाव धाकटी. मास्तर 'धाकट्या बाई' म्हणत, तेवढाच काय तो मान. शब्द वाटताना ते कुळानं वाटत, एका कुळाचे शब्द एका हातात, म्हणजे अर्थ एकमेकांच्या पायांत येत नाहीत. वर चढणारे शब्द व्याकरणवाल्यांकडे गेले, गौरव, उन्नती, स्तुती, आणि मास्तर मिशीत हसत म्हणाले, "खाली नेणारे सगळे धाकट्या बाईंकडे. त्यांना धीर आहे." तेव्हा तिला ती थट्टा वाटली. मग ती त्या कुळात रमली. खाली नेणाऱ्या शब्दांचं एक मोठा गोतावळा निघाला, आणि प्रत्येकाची खाली जायची वाट निराळी. हम्बल आला लॅटिनमधल्या मातीवरून, ह्यूमस म्हणजे जमीन, तिच्यालगत जो असतो तो हम्बल. ह्युमिलिएट त्याचाच सख्खा भाऊ, पण वाह्यात निघालेला. तो दुसऱ्याला मातीपर्यंत नेतो. डिग्रेडच्या पोटात पायरी होती, उभ्या माणसाला एक पायरी खाली उतरवायचं. अबेसमध्ये ठेंगणेपणा. डिजेक्टमध्ये फेकणं, हातातली वस्तू खाली टाकावी तसं मन टाकलेलं. मॉर्टिफायमध्ये तर सरळ मरण. आणि कन्डिसेंड, तो बिचारा एके काळी चांगल्या घरचा होता. मोठा माणूस आपली पायरी सोडून लहानाजवळ उतरून येतो, हे त्यात कौतुकानं म्हटलेलं असायचं. पुढं लोकांना त्या उतरण्यातला तोरा दिसायला लागला आणि शब्द नासला.

हे सगळं ती रविवारी ताईला सांगायची. ताई कणीक मळत असायची नाहीतर कपड्यांना बटणं लावत असायची, आणि धाकटी ओट्याला टेकून उभी. ताईला इंग्रजी येत नव्हतं. आई गेली तेव्हा ताई पंधरा वर्षांची होती आणि धाकटी सहाची, आणि दोघींतली एकच शाळेत जाऊ शकेल हे कुणी ठरवलं नव्हतं, ते तसं झालं होतं. ताईनं तिच्या वेण्या घातल्या, पाढे घेतले, आणि पाढे घेता घेता आपणही शिकली तेवढंच तिचं शिक्षण. पण शब्दांच्या गोष्टी तिला आवडत. "डिमीनची गंमत ऐक," धाकटी म्हणे, "त्याचा मूळ अर्थ नुसता वागणं. माणूस कसा वागतो, बस. पण मीन म्हणजे हलका, असा शब्द शेजारी होता. लोकांना वाटलं दोघं नात्यातले. झालं, शेजाऱ्याच्या संगतीनं त्याचाही अर्थ हलका झाला."

"अगदी आपल्या गल्लीतल्यासारखं," ताई म्हणाली. "आणि तो हम्बलवाला काय म्हणालीस, जमिनीशी असणारा? मग मी तर दिवसातून दोनदा हम्बल असते, फरशी पुसताना."

"त्याला आपण नम्र म्हणतो ताई. पण आपलं नम्र म्हणजे वाकणं. वाकलेला माणूस उभाच असतो. त्यांचा माणूस जमिनीवर पोचलेला असतो."

"वाकलं की कंबर दुखते," ताई म्हणाली. "त्यापेक्षा बसलेलं बरं."

हे त्रेपन्न-चोपन्न सालचं बोलणं. हे बोलणंही धाकटीनं एका कार्डावर टाकलं होतं, 'वाकलं की कंबर दुखते', आणि पुढं ताईला छापलेलं दाखवलं होतं, आणि ताई किती हसली होती, भावजींना हाक मारून, "अहो, या, मी पुस्तकात आलेय!" म्हणून. तिथूनच बहुतेक धाकटीला वाटायला लागलं की ताईचं बोलणं म्हणजे घरचंच.

ह्युमिलिएटचं कार्ड मात्र सात महिने अडून राहिलं. अर्थाच्या जागी तिनं पाणउतारा लिहिला, खोडला, मानहानी लिहिलं, खोडलं, पुन्हा पाणउतारा लिहिला. पाणउतारा दुसरा करतो. मानहानी कोर्टात जाते. या शब्दात आणखी काहीतरी होतं, ज्याला खाली नेलं तो खाली गेला, त्यानं जाणं पत्करलं, असं काहीतरी, आणि ते कुठल्याच वाक्यात येईना. तिनं आणलेली वाक्यं मास्तर परत पाठवत. भर सभेत त्याचा अपमान झाला, यावर त्यांनी लिहिलं, 'ही सभा कुणी पाहिली? हे वर्तमानपत्र बोलतंय, माणूस नव्हे.' ती रस्त्यानं कान टवकारून चालायची. कुणी कुणाला टाकून बोललं की थबकायची. दुकानात एका म्हातारीला दुकानदारानं हिडीसफिडीस केलं तेव्हा ती म्हातारीची बाजू घ्यायच्या आधी म्हातारी काय उत्तर देते ते ऐकत उभी राहिली. म्हातारी काहीच बोलली नाही. धाकटीला वाईट वाटलं ते कशाचं, हे तिनं तेव्हा स्वतःला विचारलं नाही.

आणि मग सत्तावन्नच्या जूनमध्ये, एका मंगळवारी संध्याकाळी, ताई तिच्या खोलीवर आली. धाकटी एकटी राहायची, कचेरीपासून दहा मिनिटांवर, एक खोली आणि मोरी. त्या आधी सहा आठवडे भावजींना फोरमनच्या जागेवरून काढून घासणीच्या शेडमध्ये घातलं होतं, पॉलिशपेपर घेऊन दिवसभर फळ्या घासायला, कालच्या आलेल्या पोरांबरोबर. गुन्हा एवढाच की कपाटांचं लाकूड ओलं आहे, दारं वाकतील, मी सही करणार नाही, असं ते साहेबांना सगळ्यांसमोर म्हणाले. डिग्रेड, धाकटीच्या मनात आलं होतं, पायरी. घरी भावजी बोलेनासे झाले होते. जेवताना हाताची बोटं पाहत बसत. ताई म्हणायची, घासून घासून त्यांच्या अंगठ्याची रेघ गेलीय. त्या संध्याकाळी ताई आली ती बसलीच नाही. भिंतीला पाठ लावून उभी राहिली आणि हसायला लागली, आणि हसता हसता सांगायला लागली की ती साहेबांच्या घरी गेली होती. भावजींना न सांगता. साहेब नव्हते, बाई होत्या. बाई व्हरांड्यात आल्या, गोड बोलल्या, म्हणाल्या, अहो उभ्या का, बसा ना. व्हरांड्यात एकच खुर्ची होती, त्यांच्या लहान मुलीची, पाठीवर बदक कोरलेली. "वीतभर उंच गं. मला वाटलं, गंमत करतायत. पण त्या वाट बघत राहिल्या. साहेबांच्या बाईनं मला बदकाच्या खुर्चीवर बसवलं, आणि मी बसले." गुडघे हनुवटीला लागले, ताई म्हणाली. बाई उभ्याच. तिथून, खालून वर बघत, तिनं नवऱ्याची जागा मागितली. बाईंनी तिच्या डोक्यावरून हात फिरवला आणि म्हणाल्या, बघते हं. मग ताईला उठता येईना. खुर्ची तिच्याबरोबर उठायला लागली. बाईंनी मुलीला हाक मारली, आणि मुलीनं मागून खुर्ची धरून ठेवली तेव्हा ती सुटली.

"यांना कळता कामा नये," ताई म्हणाली. "मी मेले तरी. कळलं तर हा माणूस संपेल. शपथ घे माझी."

धाकटीनं शपथ घेतली. मग ताई तोंड धुवायला मोरीत गेली. नळ सुरू झाला.

इथं येऊन तिची आठवण दर वेळी अडखळे, आणि त्या बुधवारी भावजी समोर उभे असताना तर ती दगडासारखी अडली. कारण ताई बोलत असतानाच तिच्या आत, कणव आणि संताप यांच्या खूप खाली, काहीतरी टुणकन उठलं होतं. सापडलं. आणि मी बसले. सात महिने जे मिळत नव्हतं ते त्या तीन शब्दांत होतं. ती ताईकडे पाहून डोळे पुसत होती आणि त्याच वेळी ते वाक्य विसरू नये म्हणून मनात घोकत होती, क्रम बिघडू नये म्हणून. आधी बसवलं, मग बसले. नळाचा आवाज सुरू झाला तशी तिनं पर्समधली वही काढली. अक्षर नीट आलं होतं.

मास्तरांनी कार्ड दोनदा वाचलं. मग म्हणाले, "हे आहे." आणि नेहमीप्रमाणे विचारलं, "ज्यांचं वाक्य, त्यांना लागणार नाही ना?" "नाही," ती म्हणाली, "त्या इंग्रजी वाचत नाहीत." जसं काही ते वाक्य इंग्रजीत होतं. तिनं आपणहून सुचवलंही, बदक काढू का, नुसती खुर्ची ठेवू? तेवढी शुद्ध तिला होती. मास्तर म्हणाले, "बदकाला हात लावू नका. ते आहे म्हणून वाक्याला पाय आहेत." ती हो म्हणाली. तिला ते पटलंही होतं. चारच दिवसांनी भावजींना फोरमनची जागा परत मिळाली होती, त्याच आठवड्यात कपाटांची दारं वाकल्याच्या तक्रारी आल्या होत्या, आणि भावजी दारातूनच ओरडत घरात आले होते, "लाकूड खोटं बोलत नाही! सांगत होतो ना मी?" अकरा वर्षं ते ही गोष्ट सांगत आले. पाहुण्यांना, शेजाऱ्यांना, नव्या सुतारांना. ताई दर वेळी जवळ उभी राहून मान डोलवायची. सगळं बरं झालं होतं. मग एका वाक्यानं काय होणार?

आता भावजींनी खंड टेबलावर ठेवला आणि खुणेच्या जागी उघडला. कोश निघायला लागल्यापासून ते रोज जेवण झाल्यावर एक पान वाचत, पहिल्यापासून, ओळीनं, गोष्टीचं पुस्तक वाचावं तसं. मेहुणीनं केलंय म्हणून. कळलं नाही तिथं सुतारी पेन्सिलीनं टिंब करत आणि रविवारी विचारत. या पानावर टिंब नव्हतं.

"हे वाक्य कुणाचं?"

तिनं वाचल्यासारखं केलं. "कोशातलं आहे, भावजी."

"ते दिसतंय. बोललं कुणी?"

"आता इतक्या वर्षांचं... बसच्या रांगेत कुठंतरी..."

"तूच सांगायचीस, प्रत्येकाचं कार्ड असतं म्हणून."

मास्तर आपल्या खोलीतून बाहेर आले होते. त्यांना कुणी कार्डाबद्दल विचारलं की बारशाला आल्यासारखा आनंद होई. "असतं तर! धाकट्या बाई, काढून दाखवा यांना. एकही वाक्य बिनबापाचं नाही आमच्याकडे."

ती खणापाशी गेली. कड्या किणकिणत होत्या. कार्ड कुठं आहे हे तिला पाहावं लागलं नाही. कोपऱ्यात तिचंच अक्षर: ऐकीव, ता., अकरा जून सत्तावन्न. बाहेरच्या माणसाला 'ता.' म्हणजे तारीख वाटली असती. तिची पाठ त्यांच्याकडे होती. गिळून टाकावं, असं खरंच मनात आलं. मग ती वळली आणि म्हणाली, "हे मी बनवलेलं आहे."

टायपिस्ट बाईंची बोटं थांबली.

"काय म्हणालात?" मास्तर म्हणाले.

"वाक्य मिळत नव्हतं. सात महिने झाले होते. मी बनवलं आणि ऐकीव लिहिलं." तिला आपलाच आवाज लांबून ऐकू येत होता. "कुणीही बोललेलं नाही हे, भावजी. कुठली बाई नाही, कुठला व्हरांडा नाही."

भावजींनी हात पुढं केला. तिनं कार्ड पाठीशी धरलं होतं. एखाद्या लहान मुलाकडून कात्री घ्यावी तसं त्यांनी ते तिच्या बोटांतून सोडवून घेतलं. वाचलं. तारखेवर अंगठा ठेवला.

"बदकाची खुर्ची एकच आहे," ते म्हणाले. "मी केलेली. साहेबांच्या मुलीच्या वाढदिवसाला. दोन रविवार लागले. चोच जरा जास्त कोरली गेली होती." त्यांचा अंगठा तारखेवरच होता. "तुझी ताई बरोबर होती तेव्हा. तिनंच रंग लावला होता तिला."

ताईनं हे सांगितलं नव्हतं. सांगताना एवढं गाळलं होतं.

"मंगळवार होता," भावजी तारखेकडे बघत म्हणाले. "शनिवारी मला बोलावलं." मग त्यांनी कार्ड तिच्या हातात परत दिलं, काळजीनं, कडा न दुमडता. "मला वाटलं होतं, लाकडानं सांगितलं."

ते जिना उतरून गेले. खंड टेबलावरच राहिला. मास्तर खुर्ची ओढून बसले, चष्मा काढला, पुसला, पुन्हा हातातच ठेवला. "धाकट्या बाई," ते म्हणाले, "खोटं कधी बोललात? तेव्हा की आत्ता?" त्यांना कळलं होतं, निम्मंशिम्मं का होईना. एक शब्द पुरला असता. आत्ता, एवढं म्हटलं असतं तर सतरा वर्षं वाचली असती. पण आत्ता म्हणायचं म्हणजे ताईला पुन्हा एकदा, या खोलीत, या दोन माणसांसमोर, त्या खुर्चीवर बसवायचं. ती गप्प राहिली. "मग मला तुमची सगळी कार्डं तपासावी लागतील," मास्तर म्हणाले. "अकरा हजार. माझा इलाज नाही." त्यांचा आवाज इतका दुखरा होता की तिला त्यांच्या खांद्यावर हात ठेवावासा वाटला. तिच्या शपथेची ही एवढीच पूर्तता, आणि ती कुणाच्याही उपयोगाची नव्हती.

रविवारी ती ताईकडे गेली. तिला वाटलं होतं दार उघडणार नाही. उघडलं. ताई इस्त्री करत होती. एक बाही केली, दुसरी केली, कॉलर केली. भावजी घरात नव्हते.

"गुरुवारी अर्ज देऊन आले," ताई म्हणाली. "फोरमनकी नको म्हणून. घासणीच्या शेडमध्ये घाला म्हणाले. साहेब म्हणाले, वेड लागलंय का? हे म्हणाले, नाही, माझी जागा तीच होती."

"ताई, मला माहीत नव्हतं खुर्ची भावजींनी..."

"माझ्याशी भांडले असते तरी चाललं असतं. भांडले नाहीत. मला म्हणाले, तुला फार कष्ट पडले." तिनं शर्ट उलटा केला. "अकरा वर्षं तो माणूस ताठ चालला गं. मी बघायची त्याला कामावर जाताना, खिडकीतून. तेवढ्यासाठी मी आणखी दहा वेळा बसले असते."

"मी म्हणाले त्यांना, मी बनवलंय म्हणून. कचेरीत सगळ्यांसमोर..."

"कळलं. सांगितलं त्यांनी." इस्त्री थांबली. "लिहिलंस कधी? मी तोंड धुवायला गेले तेव्हाच ना?"

धाकटी हो म्हणाली.

"मला वाटलं, तू रडतेयस," ताई म्हणाली. "लहानपणीही तू माझ्यासमोर रडायची नाहीस. म्हणून मी नळ बराच वेळ सोडून ठेवला. तोंड केव्हाच धुऊन झालं होतं माझं. म्हटलं, रडू दे हिला पोटभर." तिनं इस्त्री उभी केली. "मी तुझ्याजवळ बोलले होते. कोशाजवळ नाही."

त्यानंतर काय झालं ते थोडक्यात सांगता येतं. धाकटीनं नोकरी सोडली. मास्तरांनी अकरा हजार कार्डं खरोखर तपासली, त्यात दीड वर्ष गेलं, आणि एकही खोटं निघालं नाही. ते तिच्या घरी आले, जिना चढून, त्या वयात, आणि परत या म्हणाले. ती गेली नाही. सहावा खंड छापखान्यात असताना ते वारले. दुसऱ्या आवृत्तीत ह्युमिलिएटखाली वाक्य नाही, मोकळी ओळ आहे. ती मास्तरांनीच मोकळी ठेवायला लावली असं टायपिस्ट बाई पुढं भेटल्या तेव्हा म्हणाल्या. त्या लग्न करून परगावी गेल्या होत्या आणि चांगल्या जाड झाल्या होत्या. साहेबांची बदली झाली. त्यांच्या बाईंना हे काहीच कधी कळलं नाही, त्यांच्या लेखी त्या दिवशी एक गरजू बाई आली होती आणि त्यांनी तिचं काम केलं होतं, आणि ते खरंही होतं. धाकटीनं एका मुलींच्या शाळेत वाचनालय सांभाळलं, निवृत्त होईपर्यंत. भावजी नऊ वर्षं शेडमध्ये घासत राहिले. तिथल्या पोरांना ते आवडायचे म्हणे. फुप्फुसांत लाकडाची भुकटी बसून ते गेले, निवृत्तीनंतर दुसऱ्या वर्षी. धाकटी आली की उठून तिला जागा द्यायचे, अगदी शेवटपर्यंत, आणि त्यांनी पुन्हा तिला कुठल्याही शब्दाचा अर्थ विचारला नाही.

ताई तिच्याशी बोलत होती. ही गोष्ट लोकांना कळत नसे. बहिणींनी अबोला धरला असता तर तो एक दिवस सुटला असता. ताई येत होती, जात होती, आजारपणात खिचडीचा डबा पाठवत होती. फक्त तिच्यासमोर जपून बोलत होती. ऊन वाढलंय. भाजी जून निघाली. बस उशिरा आली. चोवीस वर्षांत एकही वाक्य असं नाही की जे बसच्या रांगेतल्या कुणालाही म्हणता आलं नसतं. मधेच कधीतरी जुन्या सवयीनं तिचे डोळे चमकत, काहीतरी जिभेवर येई, आणि धाकटीला दिसे की ताई ते गिळतेय. तिनं वही कधीच जाळून टाकली होती. ते सांगून काय उपयोग होता?

ब्याण्णव साली ताई दवाखान्यात होती. सकाळचे दहा वाजले होते, खिडकीतून ऊन येत होतं, शेजारच्या खाटेवरची बाई तिच्या सुनेला रागावत होती. धाकटी ताईचे केस विंचरत होती. वेणी घालण्याइतके उरले नव्हते. ताईनं डोळे उघडले, तिच्याकडे बराच वेळ पाहिलं, आणि एक वाक्य बोलली. पूर्ण वाक्य, कर्ता, कर्म, सगळं असलेलं, आणि ताईशिवाय कुणीही बोललं नसतं असं. धाकटी हसली आणि मग तिला रडू आलं, ताईच्या समोर. दुपारी ताई गेली.

ते वाक्य तिनं कुठंही लिहून ठेवलं नाही. कुणाला सांगितलं नाही. घोकलंही नाही, मनात यायला लागलं की ती उठून काहीतरी कामाला लागे. आता ती स्वतः ऐंशीच्या पुढं गेलीय, आणि माणसाचं डोकं या वयात जसं होतं तसं तिचंही झालंय. आधी वाक्याचा क्रम गेला. मग मधला एक शब्द गेला, मग शेवटचं क्रियापद. गेल्या वर्षापर्यंत दोन शब्द होते. आता एकच उरलाय, अगदी साधा, दिवसातून पन्नास वेळा कुणाच्याही तोंडी येणारा, आणि तो दुसऱ्याच कुणाच्या तोंडून कानावर पडला की ती हातातलं काम टाकून तशीच उभी राहते.